रखवालदाराची नोंद

बाईंनी तिसऱ्यांदा 'नाही' खोडला, आणि कीबोर्डवरून हात उचलेपर्यंत तो पडद्यावर पुन्हा हजर झाला. 'दीपगृहाचा रखवालदार घरी परत आला नाही.'

"अहो काकू, ऐका ना जरा," बाई पुटपुटल्या.

काकू ऐकणाऱ्यांतल्या नव्हत्या. 'काटेकोर काकू' हे नाव मुलांनी ठेवलेलं; खरं तर तो बाईंच्याच एका जुन्या विद्यार्थ्याने लिहून दिलेला प्रोग्राम होता. तीस वर्षं बाईंच्या वर्गातलं प्रत्येक मूल एका बेटाच्या कोशात एकेक नोंद लिहीत आलं होतं. बेट कुठेच नव्हतं, कोश मात्र नऊशे नोंदींचा झाला होता, आणि त्यात एकच डोंगर कधी उत्तरेला असे, कधी दक्षिणेला. यंदा कोश छापायचा ठरला म्हणून काकूंना आणलं. दोन नोंदींचं भांडण लागलं की जिच्यावर जास्त नोंदी टेकल्या असतील ती काकू ठेवत, आणि दुसरी स्वतःच दुरुस्त करून टाकत.

'रखवालदार गेल्यापासून त्याला बेटावर कोणी पाहिलं नाही,' हे वाक्य पहिल्या वर्षी बाईंनीच फळ्यावर लिहिलं होतं, नमुना म्हणून. आता त्याच्यावर एक्केचाळीस नोंदी टेकल्या होत्या. मुंगीच्या 'परत आला'वर एकही नाही.

मुंगी वर्गातली सगळ्यात लहान. गेल्या वर्षी तिचे वडील घर सोडून गेले. शाळेत सगळ्यांना ठाऊक होतं. ती मात्र त्याबद्दल कधी चकार शब्द बोलली नव्हती. लिहिलं होतं ते एवढंच, 'दीपगृहाचा रखवालदार घरी परत आला.'

फोन वाजला. छापखानेवाला, तोही याच वर्गातून गेलेला.

"बाई, बाराला काकू कुलूप घालणार, सव्वाबाराला मी मशीन लावणार. मग काना-मात्रा हलायची नाही."

"दहा मिनिटं जास्त दे की रे."

"वेळ म्हणजे वेळ, हे कोणी शिकवलं? आता भोगा!"

पावणेबारा. बाईंनी ओठ घट्ट मिटले आणि स्वतःचंच वाक्य काढून टाकलं. क्षणभर काहीच झालं नाही. मग पडदा भराभर सरकू लागला. रखवालदाराची रिकामी खुर्ची भरली. गावाने पाळीपाळीने दिवा लावायची रीत गेली. एका मुलाने फार मन लावून लिहिलेला 'वाट पाहण्याचा खेळ' तर पुरता पुसला गेला. खाली त्याचं नाव तेवढं उरलं. बाईंनी घाईघाईने वाक्य परत जागेवर ठेवलं. एक्केचाळीस नोंदी पूर्ववत झाल्या, आणि मुंगीच्या नोंदीतला 'नाही'ही परत आला.

"बाई, झाली माझी नोंद?"

मुंगी दारात उभी होती. बाई पडद्यापुढे सरकल्या, पण तिने वाचलं होतं.

"'नाही' कोणी घातला?"

"काकूंनी."

"का?"

गणित समजवावं तसं बाईंनी तिला समजावलं. "हे बघ, एक्केचाळीस जण सांगतात की त्याला कोणी पाहिलं नाही. तू एकटी म्हणतेस, आला. काकूंना दोन्ही कसं पटेल?"

मुंगीने बाईंचं मूळ वाक्य बोट ठेवून वाचलं. पुन्हा वाचलं.

"मग काय झालं? माझ्या नोंदीत पण कोणी पाहिलं नाही."

"मग आला हे कळलं कसं?"

"बशीवरून. आम्ही धुतलेली बशी उभी करून ठेवतो. तो कपावर पालथी घालतो. आई कामावरून आली तेव्हा पालथी होती."

बाई खुर्चीत नीट बसल्या. अकरा पन्नास. 'रखवालदार तिसऱ्या प्रहरी घरी परत आला,' त्यांनी टाइप केलं. 'चहा करून प्याला, बशी कपावर पालथी घालून निघून गेला. त्याला कोणी पाहिलं नाही.'

काकू थांबल्या. सगळा कोश चाळत असाव्यात. मग खाली एक ओळ उमटली: 'कोशात रखवालदाराला एक मुलगी आहे. शाळा तीनला सुटते. मग ती त्या वेळी कुठे होती?'

"अगं बाई, आता हे काय मध्येच!" बाई हसल्या, पण नजर घड्याळावर होती. "लवकर सांग मुंगे. मैत्रिणीकडे? बाजारात?"

"शाळेत."

"सुटल्यावरसुद्धा?"

"हो. सोमवारी." मुंगी टेबलाच्या कडेवरून बोट फिरवत होती. "ती आधीची नोंद अर्धवट राहिली होती ना माझी. तुम्ही म्हणालात, पुरी केल्याशिवाय जायचं नाही."

बाईंची बोटं कीबोर्डवर तशीच राहिली. चार मिनिटं उरली होती. मग तीन. बाजार लिहिलं असतं तरी काकूंना चाललं असतं.

"लिहा ना बाई," मुंगी म्हणाली. "कुलूप लागेल."

बाईंनी चष्मा सारखा केला आणि एकेक अक्षर दाबत लिहिलं: 'मुलीला तिच्या बाईंनी शाळेत थांबवून ठेवलं होतं.'

बाराचा टोल पडला. काकूंनी त्या ओळीला हात लावला नाही.