मग सांगते

कागदाचा कपटा थरथरत होता. चित्राच्या पाठीशी लावायचा तो पातळ, दुधी कागद... थोरल्याने कापून उरलेला करंगळीएवढा तुकडा टेबलाच्या कडेला डिंकाने चिकटून राहिला होता. पंखा इकडे वळला की कागद उठायचा, पंखा पलीकडे गेला की मान टाकायचा. तिच्या हातातला चहा केव्हाच निवला होता. ‘प’ – तिच्या मनात कुणीतरी म्हणालं, आणि कागद उडाला. ‘ब’ – कागद जरासा हलला. ‘म’ – कागद ढिम्म... मग नाकावर बोट ठेवायचं, बाळा. एक बोट माझ्या नाकावर, एक तुझ्या. गुणगुण लागते ना बोटाला? तोच ‘म’.

असाच कागद असायचा. आरशासमोर दोघं बसायची, ती आणि तिचा जन्मापासून ऐकू न येणारा थोरला मुलगा, आणि दोघांच्या ओठांपुढे एकेक कागद. आरशात ‘प’, ‘ब’, ‘म’ तिन्ही सारखेच दिसतात, ओठ मिटतात आणि उघडतात एवढंच. म्हणून कागद, म्हणून नाकावर बोट, म्हणून गळ्यावर हात. आणि ‘क’ आणि ‘ग’ तर घशात कुठेतरी मागे दडून बसलेले, आरशात दिसतच नाहीत. त्यासाठी ती स्वतः आ करून बसायची आणि घशात बॅटरीचा उजेड पाडायची. बघ, जीभ कुठे टेकते बघ. ‘ग’ यायला एक अख्खा उन्हाळा गेला होता. शेजारीण म्हणायची, तुमच्यासारखा धीर कुणाला असतो हो? तेव्हा ती नुसती हसायची. पण रात्री अंथरुणावर पडल्यावर ते वाक्य पुन्हा काढून बघायची, कपाटातून ठेवणीतली साडी काढून बघावी तसं.

भाजी चिरायची राहिली होती. ती उठली नाही.

सकाळी जे झालं ते डोळ्यांपुढून हलत नव्हतं. धाकट्याच्या घरी जिन्यात पाय मुरगळला, म्हणून थोडे दिवस ती थोरल्याकडे आली – इथे जिना नाही, पुढच्या खोलीत थोरल्याचं तसबिरी मढवण्याचं काम, मागे राहतं घर. पाय बरा झाला. काल फोनवर धाकटा म्हणाला, “उद्या येतो. तुझं तू ठरव, आई. यायचं तर चल, राहायचं तर राहा. तुझी खोली तशीच आहे.” तिला इथेच राहायचं होतं. का, ते तिलाही नीट सांगता आलं नसतं... धाकट्याकडे तिच्याशी बोलणारी चार माणसं होती, इथे एक नात सोडली तर कुणी नव्हतं. तरी राहायचं होतं. पण थोरल्याला आपण हवे असलो तर. नको असताना कुणाच्या घरात पाय पसरणारी ती बाई नव्हती. म्हणून रात्री ती त्याच्यासमोर उभी राहून, ओठ नीट हलवत एवढंच म्हणाली होती, “उद्या धाकटा येतोय, मला न्यायला.” त्याने मान हलवली होती. बस, मान.

आणि आज सकाळी न्याहारीला सून आणि तो – सूनही तशीच, ऐकू न येणारी, शिवणकाम करणारी, बोटांनी विलक्षण चपळ – दोघांचे हात सुटले. सुनेने टेबलावर थाप मारून त्याचं लक्ष वेधलं, तिच्याकडे बोट केलं, मग तळहातावर मूठ आपटली. त्याने कपाळाला आठ्या घातल्या. सुनेने पुन्हा तिच्याकडे बोट केलं. भुवया वर, गाल फुगलेले, हात इतके जोरात की चमचा खाली पडला आणि कुणी उचललाही नाही. त्याने एकदा छातीवर हात आपटला, एकदा लांब कुठेतरी मागे फेकल्यासारखा केला. शब्द नसलेलं भांडण भांडणापेक्षा वाईट दिसतं. ती मधे बसून घास चावत राहिली.

“काय झालं गं?” तिने नातीला विचारलं. भिंगरी म्हणायचे तिला, कारण ती एका जागी ठरायची नाही. ऐकणारी, बोलणारी, आणि आईबापांशी हातांनी तितकीच बडबडणारी.

भिंगरी एक मोजा चढवत होती. दुसरा सापडत नव्हता. “काही नाही गं, आजी.”

“एवढा वेळ बोलताहेत, आणि काही नाही?”

“काही नाही म्हणजे... मग सांगते. उशीर झाला.” आणि भिंगरी गेली, एक मोजा उलटा घालून.

ती बराच वेळ खुर्चीत बसून होती. मग आतल्या खोलीत जाऊन तिने पिशवी काढली. पातळं घडी करून ठेवली. सून दारात आली, पिशवीकडे बघून थबकली, तिच्या चेहऱ्याकडे बघितलं. काहीतरी म्हणायला तिचे हात वर आले, आणि समोर वाचणारं कुणी नाही हे कळून पुन्हा खाली गेले. मग शिलाईमशीनचा आवाज आला. सून तो ऐकत नव्हती, तिच्या पायाला तो कळत असेल... ही ऐकत होती, एकटी.

हात मोकळे राहिले तर तोंड उघडणार नाही. असं शाळेतल्या बाई म्हणाल्या होत्या. मोठ्या बाई, शिकलेल्या, हसऱ्या. घरात एकही खूण चालू देऊ नका. पाणी हवं तर ‘पाणी’ म्हणू दे. हातवारे ही माकडांची भाषा, आपल्याला मुलाला माणसांत आणायचंय ना? तिला माणसांत आणायचं होतं. म्हणून ती त्याला म्हणायची, हात मांडीखाली घे बघू. शहाण्या मुलासारखा. आणि तो घ्यायचा. पाय लोंबकळत, मांडीखाली दोन्ही हात दाबलेले, डोळे तिच्या ओठांवर... मी रागावत नव्हते कधी. एकदाही हात उगारला नाही. पाणी म्हण. पा – णी. कागद उडाला, शाब्बास.

एकदाच उगारला. शाळेच्या मागच्या भिंतीशी तो चार पोरांबरोबर सापडला होता. पोरांचे हात नुसते उडत होते, आणि तो मध्ये उभा राहून काहीतरी सांगत होता, कुणाची तरी नक्कल करत होता – पोट पुढे, चष्मा नाकावर – आणि पोरं हसून भिंतीला टेकली होती. तिने त्याला दंडाला धरून घरी आणलं. वाटेत तिला रडू येत होतं, इतक्या वर्षांची मेहनत पाण्यात गेली म्हणून. आता तिला त्या दिवसाचं दुसरंच आठवत होतं. त्याचा चेहरा. असा चेहरा घरी तिने कधी पाहिला नव्हता. आपला मुलगा विनोदी आहे हे तिला तेव्हा कळलं होतं, आणि दंड धरायच्या घाईत ती ते विसरून गेली होती.

आणि स्नेहसंमेलन. त्याने व्यासपीठावर ढगांची कविता म्हटली, चार ओळी, एकही अक्षर न गाळता. लोक उभे राहिले. पाहुणे म्हणाले, आई असावी तर अशी. घरी येताना त्याने तिची बाही ओढून विचारलं, “ढग... काय... रडतो?” तिला वाटलं, दमलाय. “काही नाही, मग सांगते,” ती म्हणाली. कविता पाठ होती त्याला. आतलं काहीच कळलं नव्हतं...

दुपार सरली. सुनेने येऊन तिच्यापुढे चहा ठेवला, पिशवीकडे न बघता, आणि गेली. हाच तो चहा, निवलेला. चहा घेऊन ती पुढच्या खोलीत येऊन बसली होती, कारण थोरला लाकूड आणायला गेला होता आणि खोली रिकामी होती.

भिंगरी आली तेव्हा दोन्ही मोजे बेपत्ता होते. दप्तर तिने दारातच टाकलं.

“आजी, तू पिशवी का भरलीस? आई सांगतेय.”

“जायचं म्हणून.”

“कुठे?”

“तुझ्या काकाकडे. इथे माझ्यावरून भांडणं नकोत.”

“कोण भांडलं?”

“मला डोळे आहेत, बाळा. सकाळी तुझी आई तावातावाने बोलत होती, आणि बाबाच्या कपाळावर ही एवढी आठी.”

भिंगरीने तिच्याकडे असं बघितलं, जसं ती वर्गातल्या सगळ्यात मंद मुलाकडे बघत असेल. “आजी, आठी म्हणजे राग नाही. आठी म्हणजे ‘काय?’ किंवा ‘का?’ बाबा विचारत होता. कपाळ नाही हलवलं तर प्रश्न कसा कळणार? आणि थाप म्हणजे नुसतं ‘इकडे बघ’. आईला हाक मारता येते का?”

“मग काय विचारत होता?”

“मग ना...” भिंगरी टेबलावर चढून बसली. “आई म्हणाली, आजीला आपल्याकडे एकटं वाटतं. आपण बोलतो तेव्हा ती नुसती एकेकाच्या तोंडाकडे बघते, आपण हसलो की मागून हसते. आपण फार वाईट वागतो तिच्याशी, असं आई म्हणाली. बाबा म्हणाला, का वाईट? मग आई चिडली थोडी. म्हणाली, तुला नाही कळत तिला कसं वाटतं? बाबा म्हणाला,” आणि भिंगरीचे हात आपोआप वर आले, तिने छातीवर हात ठेवला, मग तो लांब मागे फेकला, “मला नाही कळणार तर कुणाला कळणार? मी तिच्या घरी सगळी वर्षं तसाच बसलो.”

कागद उठला, मान टाकून पडला.

“मला सकाळी का नाही सांगितलंस?”

“तुला वाईट वाटेल म्हणून,” भिंगरी म्हणाली. “मला भूक लागलीय.” आणि उतरून आत पळाली.

जेवणाची पंगत दिसत होती तिला, जुन्या घरातली. नवऱ्याची थट्टा, दीर, नणंद, धाकट्याची चुरूचुरू जीभ, आणि सगळे खोखो हसताहेत... आणि थोरला एकेका तोंडाकडे बघतोय, आणि एक क्षण उशिरा तोही हसतोय, सगळ्यांपेक्षा मोठ्याने. मग तिची बाही ओढायचा. काय? आणि ती वाढता वाढता म्हणायची, काही नाही रे, मग सांगते. रोज म्हणायची. प्रेमानेच म्हणायची. मग भांडी असायची, उद्याची कणीक असायची, आणि थट्टा ती काय, सांगून सांगण्यासारखी... ‘मग’ कधी यायचा नाही. त्याला तो शब्द आधी शिकवला होता तिने. ‘म’ नाकावर बोट ठेवून, ‘ग’ घशात उजेड पाडून.

दाराशी लाकडाचा आवाज झाला. थोरला आत आला, पट्ट्या भिंतीला टेकवल्या, तिला बघून जरासा थांबला. मग काच टेबलावर घेऊन फूटपट्टी लावली. ती उठून त्याच्या नजरेसमोर आली. टेबलावर थाप मारावी असं वाटलं, हात धजला नाही. त्यानेच वर पाहिलं.

“सकाळी काय बोलत होतात दोघं?” ती म्हणाली. ओठ नीट हलवून, जसं नेहमी.

त्याने हातातली काचकापणी खाली ठेवली. पुसलेला हात पुन्हा पुसला. त्याचे डोळे तिच्या ओठांवरून तिच्या डोळ्यांवर आले, आणि त्यांत राग नव्हता, अढी नव्हती. दमलेल्या माणसाला त्रास होऊ नये म्हणून आपण दार हलकेच लोटून घेतो, तसं काहीतरी होतं.

“काही नाही,” तो म्हणाला. “मग सांगतो.”

दुकानदाराला न कळणारा, शेजाऱ्यांना न कळणारा तो जाड, नाकातला आवाज – तिला त्यातलं अक्षर न् अक्षर कळलं. ‘न’ स्वच्छ होता. ‘म’ गुणगुणत होता. ‘ग’ तर असा, जसा त्या उन्हाळ्यात पहिल्यांदा आला होता, आणि तिने त्याला उचलून घरभर फिरवलं होतं.

तो पुन्हा काचेकडे वळला. काचेवरून कापणीची किर्र रेघ गेली. एरवी ती आत गेली असती. भाजी तशीच होती, पिशवी अर्धी उघडी होती, धाकटा एवढ्यात येणार होता आणि त्याला काय सांगायचं ते अजून ठरलं नव्हतं. ती गेली नाही. तिने स्टूल ओढून घेतलं आणि त्याच्या समोर बसली. त्याने वर पाहिलं. कपाळावर आठी आली. आणि आयुष्यात पहिल्यांदा तिला ती आठी वाचता आली – का? का बसलीस?

‘मग’ म्हणजे केव्हा, हे तिला विचारायचं होतं. ओठांनी विचारता आलं असतं. ओठ हलले नाहीत. आपण मांडीखाली हात घेऊन बसलो आहोत हे तिच्या ध्यानात आलं. केव्हा घेतले, कळलं नव्हतं. तिने ते सोडवले, एक, मग दुसरा, आणि लाकडाच्या भुश्शात टेबलावर ठेवले. म्हातारे, जड, काहीच न येणारे हात. तो त्यांच्याकडे बघत होता. पंखा वळला, कागद उठला, पडला, पुन्हा उठला... ती वाट बघत बसली.