चिंचेचं पाणी

"हे कोणी केलं?" गुणवंतराव परसात येऊन ओरडले.

इंदुताईंनी हसतच पदराला हात पुसले. "मीच. तुमच्या कवड्या रातभर चिंचेच्या पाण्यात टाकल्या, सकाळी राखेनं घासल्या. आज म्युझियमवाले पाव्हणे पाहाले येऊन राह्यले ना! पितळीच्या भांड्यावानी लख्ख..."

बोलता बोलता त्यांची नजर सुपाकडे गेली. सुपातल्या कवड्या आणि शंख ओले होते तोवर बरे दिसत होते. उन्हात वाळले तसे पांढरेफटक पडले. चकाकी गेली, ठिपकेही पुसट झाले.

सारं जग मोहर्लीला वाघ पाहायला येतं, आणि इंदुताईंचा हा नवरा दर उन्हाळ्यात इथून उठून समुद्रावर कवड्या शोधायला जायचा. रामेश्वरम, अंदमान, काही म्हणून सोडलं नाही. ब्रह्मपुरीच्या कॉलेजात प्राणिशास्त्र शिकवायचा, आणि घरी भिंग लावून, ठिपके न् फटीच्या कडेचे दात पाहून एकेका कवडीची जात ठरवायचा. इंदुताई मागे धान, सासू आणि लेकरू सांभाळायच्या. मलाही न्या म्हटलं की उत्तर ठरलेलं, पुढच्या वर्षी. ते पुढचं वर्ष काही उजाडलं नाही.

यंदा मात्र मुंबईच्या एका संग्रहालयानं कवड्या मागितल्या. आज त्यांचा माणूस पाहून जाणार, पसंत पडल्या की दोघांनी मिळून त्या मुंबईला पोचवायच्या, असं गुणवंतरावांनी स्वतःच्या तोंडानं कबूल केलं होतं. इंदुताईंनी जन्मात समुद्र पाहिला नव्हता. लेकीनं, साधनानं, वाळूत चालायला म्हणून निळ्या रबरी चपलाही आणून दिल्या होत्या. त्या हौसेपायीच तर बाई जीव तोडून घासत बसली होती.

"अवं, आंबटानं शिंपल्याची कांतीच गळून जाते! आता जात कशावरून सांगू मी? तुले येवढंही समजत नाई?"

इंदुताईंचा पारा चढला. "कुठून समजन? गावच्या पोरायले जन्मभर शिकवलं तुमी. मले सांगाले एक दिवस नाई भेटला?"

गुणवंतरावांनी खिशातला मोबाइल काढला. संग्रहालयाच्या माणसाला फोन लावला. "नमुने खराब झाले आहेत. आपण येऊ नये," असं अगदी शुद्ध मराठीत सांगून टाकलं. मग पायरीवर बसून म्हणाले, "उन्हाळ्यात पुन्हा जाईन म्हणतो. जमन तेवढं जमवीन."

"अन् मी?"

"तुहे गुडघे दुखतेत. तू काय करशीन तिथी?"

कालपर्यंत या गुडघ्यांची आठवण कोणाला नव्हती. इंदुताईंना रडू आलं नाही, नुसती चीड आली. त्यांनी सूप उचलून गुणवंतरावांच्या टेबलावर, भिंगाशेजारी नेऊन ठेवलं. मुंबईसाठी बांधून ठेवलेल्या पिशवीतून निळ्या चपला काढल्या आणि पायात घातल्या. चिंचेच्या पाण्याची बादली उचलून त्या उकिरड्याकडे निघाल्या.

नव्या चपला टाचेला चावत होत्या. त्यांनी त्या काढल्या नाहीत.