चाकांची खुर्ची

कुलूप-किल्लीच्या त्या दुकानात दोघे भाऊ. थोरल्याचा डावा पाय जन्मापासून आखूड. पण अर्धा तास लंगडत का होईना, रोज स्वतःच्या पायांनी दुकान गाठायचा. धाकट्याला सगळे शिट्टी म्हणत. देवाने त्याच्या ओठांतच पावा ठेवला होता. नुसता श्वास सोडला की गाणं. शिकवलं दादानेच, किल्ल्या घासता घासता.

टीव्हीच्या टॅलेंट शोमध्ये शिट्टीने दोन फेऱ्या जिंकल्या. तिसरीच्या आदल्या दिवशी तो तालमीत अडकलेला असताना चॅनेलची माणसं दुकानात शूटिंग करून आली. दादा फोनवर एवढंच म्हणाला, "बोललो रे थोडं. तू तुझं बघ."

तिसऱ्या फेरीत आधी मोठ्या पडद्यावर तो व्हिडिओ लागला. दादा चाकांच्या खुर्चीत. मागे रडकं संगीत. अपंग भावाच्या औषधपाण्यासाठी हा शिट्टी वाजवतो म्हणे. प्रेक्षक डोळे पुसू लागले. परीक्षक बाईंनी माईक जवळ ओढला. "वाजव बाळा. दादासाठी वाजव."

शिट्टीने ओठ गोल केले. नुसती हवा आली. पुन्हा फुंकलं, पुन्हा फुस्स. शिट्टी वाजवायला ओठ सैल लागतात, आणि त्याचे दात एकमेकांवर घट्ट बसले होते. इतकी वर्षं वाजवत होता, पण रागाने शिट्टी वाजत नाही हे त्याला आज कळलं.

मग तो बोलला. "माझा भाऊ चालतो. माझ्या आधी दुकानात पोचतो. ती खुर्ची तुमच्या गाडीतून आलीय."

कानात यंत्र घातलेला एक जण धावत आला. "कॅमेरा थांबवा. अहो, थोडा मीठमसाला सगळ्यांनाच लावतो आपण. पुन्हा घेऊ. तुम्ही फक्त वाजवा."

"तुमच्या भावाला लावा मीठमसाला," म्हणत शिट्टी माईक उपटून चालता झाला.

घरी येऊन राग निघाला तो दादावर. "बसलास कशाला त्या खुर्चीत?"

"म्हणाले, धाकट्याचा नंबर लागेल."

"जमिनीवर लोळ म्हणाले असते तर?"

"लोळलो असतो."



रविवारी कार्यक्रम लागला. व्हिडिओ होता, अश्रू होते, शिट्टीची फुस्सही होती. खाली अक्षरं आली, 'भावाच्या मायेने श्वास अडला'. तो बोललेला एक शब्द ठेवला नव्हता मेल्यांनी.

सोमवारी दुकानात येईल तो दादाचा दंड धरू लागला. शाळेच्या शिपायाने तर त्याच्या हातातलं कुलूपच काढून घेतलं. "बसा हो तुम्ही, कशाला त्रास? शिट्टी करेल."

तीस वर्षं किल्ल्या घासलेला माणूस तो. दादाचा चेहरा काळाठिक्कर पडला. त्याने आपलं स्टूल उचललं आणि शिपायापुढे आदळलं. "तुम्ही बसा. कुलूप द्या इकडे."

दिवसभर दादा उभ्याने काम करत राहिला. संध्याकाळी पाय टम्म सुजला. शिट्टीने सगळं पाहिलं, पण बस म्हणून सांगितलं नाही.