दुसऱ्या जगातलं बाळ

"बाबा, टीव्हीला काहीही झालेलं नाही. आधी बाहेर या बघू!"

टीव्हीच्या मागे उकिडवा बसलेला मिस्त्री दातांत स्क्रू धरून म्हणाला, "मग रोज तेच तेच कसं लागतं? तो माणूस ट्रकखाली येतो, दुसऱ्या जगात जन्म घेतो. आकाशात दोन चंद्र, एक ड्रॅगन, की बंद! अडकतंय कुठेतरी."

"अडकत नाही. मीच लावते. मीच बंद करते."

मिस्त्रीने दातांतला स्क्रू काढला. त्याचा उभा जन्म लोकांचे मिक्सर, पंखे, इस्त्र्या दुरुस्त करण्यात गेला होता. कुठे काही बिनसलं की हात आधी स्क्रू ड्रायव्हरकडे जाई. बायको म्हणायची, "मी रुसले तरी हे आधी माझं झाकण उघडून बघतील." तिच्या आजारात मात्र उघडून बघण्यासारखं त्याच्या हाती काहीच नव्हतं. ती गेली आणि घरात बापलेक उरले.

त्याने स्क्रू परत बसवला, प्लग लावला. टीव्ही होता तिथूनच लागला. दुपट्यातलं बाळ टक्क डोळ्यांनी अनोळखी छताकडे बघत होतं. लेकीने लगेच चित्र थांबवलं.

"चांगलं आहे की कार्टून. पुढे का नाही बघत?"

"कार्टून नाही, ॲनिमे."

"बरं बाई, ॲनिमे. पण पुढे का नाही बघत?"

लेक सोफ्याच्या कडेचा दोरा उपटत राहिली. मग म्हणाली, "मैत्रिणीने सांगितलंय. दुसऱ्या भागात तो तिकडच्या बाईला आई म्हणतो. आणि हळूहळू इकडचं सगळं विसरतो."

मिस्त्रीने स्क्रू ड्रायव्हर खाली ठेवला.

"बाबा, आई अशी कुठे जन्मली असेल, तर तिला आपण आठवत असू?"

'हो' म्हणणं सोपं होतं. जिभेवर आलंही होतं. पण त्याला बायकोचे शेवटचे दिवस आठवले. गुंगीतसुद्धा ती एकच विचारायची, पोरगी जेवली का? एवढंसं बाळ, त्याला बोलता येत नाही, कुशीवर वळता येत नाही, आणि आत तोच घोर.

"नसू आठवत," तो म्हणाला.

"असं काय बोलता हो!"

"अगं, तान्हं बाळ ते. त्याने दूध प्यावं, झोपावं. आपली काळजी कशाला त्याच्या डोक्याला? पुष्कळ केली तिने."

"म्हणजे आता आपण तिचे कोणीच नाही?"

"ती आपली आहे ना? आठवायचं काम आपल्याकडे."

लेकीने त्याच्या बाहीला डोळे पुसले, नाकही पुसलं. "तुम्हाला चहात साखर घातली की नाही तेसुद्धा आठवत नाही."

"म्हणून तर दोघं लागतात."

तिने दुसरा भाग लावला. दोघं शेजारी बसून बघू लागले. बाळ बसायला लागलं, रांगायला लागलं. कुठल्याशा दगडी घरात एका अनोळखी बाईकडे बघून हसलं आणि तिला "आई" म्हणालं. लेकीने बापाचं कोपर घट्ट धरलं. मिस्त्रीने पडद्यावरून नजर काढली नाही.

मग बाळ भिंतीला धरून उभं राहिलं. भिंत सोडली. एक पाऊल टाकलं, दुसरं टाकताना त्याचा तोल गेला.

मिस्त्री सोफ्यावरून अर्धवट उठला होता. त्याचे दोन्ही हात पुढे झाले होते.