पत्र्यावरचा दात

मी एक जुना खोटा दात आहे, मित्रांनो. अंधेरीतल्या एका स्टुडिओच्या पत्र्यावर पडलेला. टाळूला बसणारी गुलाबी पट्टी, तारेचे दोन आकडे आणि पुढे मी एकटा. ऊन चढलं की पट्टी तापते. मला काही जाणवत नाही. जाणवायला दाताच्या आत नस लागते, ती माझ्यात नाही.

मला घडवलं ते लिगायासाठी. ती फिलिपिन्सची, सात वर्षांची. मनिलात दोन सिनेमे करून तिसऱ्यासाठी आईबरोबर मुंबईला आली होती. चित्रीकरण निम्म्यावर आलं आणि तिचा पुढचा दुधाचा दात पडला. एका प्रसंगात दात आणि पुढच्यात फट, हे चालणार नव्हतं. मग दात बनवणाऱ्या निधीने मला ओतलं, घासलं, आणि रंग जुळवायला तो पडलेला दात माझ्याशेजारी ठेवला. त्या घाईत खरा दात हरवला.

लिगायाच्या मनाला तेच लागलं. तिच्या आजीने सांगितलं होतं, पडलेला दात छपरावर टाकायचा. उंदीर तो नेतो आणि नवा देतो. तिचे केस विंचरणाऱ्या वनमालाताई म्हणाल्या, आमच्या मालवणातही असंच करतात. मग लिगायाने ताईंकडूनच शिकलेल्या मराठीत विचारलं, "टाकला नाही, तर माझा येणार नाही?"

ताई तिचे केस विंचरत राहिल्या.

माझं मात्र कौतुक झालं. पडद्यावर कुणाला ओळखू येणार नाही, असं सगळे म्हणाले. पुढे माझ्याखाली काहीतरी वर येऊ लागलं. मी घट्ट बसेना, म्हणून मला मागून घासलं. तिची आई रोज हिरडीला बधिर करणारं मलम लावायची आणि विचारायची, दुखतं का. लिगाया नाही म्हणायची. ते खरंच होतं. हळूहळू ती सगळ्यालाच नाही म्हणू लागली. भूक नाही, झोप नाही, घरची आठवण नाही.

एका दुपारी ती वरणभात न चावता गिळताना ताईंना दिसली. त्यांनी मला काढून बघितलं. हिरडी लाल झाली होती आणि तिच्यात पांढरी कड होती, थोडी वाकडी. त्यांनी आईला बोलावलं. आईने पाहिलं आणि मला परत बसवलं नाही.

सहायक दिग्दर्शक सर्वेश धावत आला. "ताई, एकच शॉट राहिलाय. फक्त हसायचंय."

"मग हसूदे की. दात नसले तर पोरां हसत नाहीत काय रे?"

लिगायाने मला उचललं. "खोटा टाकला तर खोटाच येईल?"

"नाय गो," ताईंनी तिच्या हिरडीतल्या पांढऱ्या कडेकडे बोट दाखवलं. "तुझो इलोसा. टाक."

तिने मला वर भिरकावलं. शेवटच्या शॉटमध्ये ती हसली, पण ओठ मिटून. लोकांना ते हसू फार समजूतदार वाटलं, असं खाली कुणीतरी बोलताना मी ऐकलं.

मित्रांनो, कुणी दुखत नाही म्हणालं, तरी एकदा तोंड उघडायला सांगून आत बघा. मी तिच्या हिरडीवर बसून होतो, आणि मला कळलं नव्हतं.