एक्केचाळिसावी फळी

मी पूल बोलतोय. बोलतोय म्हणजे खरं तर वाजतोय. कुणी अंगावर पाऊल ठेवल्याशिवाय माझ्या तोंडून काही निघत नाही. तुम्ही आत्ता पहिल्या फळीवर एक पाय टाकून उभे आहात, तेवढ्यात माझी कहाणी सांगून घेतो.

माझ्याखाली पाणी नाही. खोल दरीतून धुकं वाहतं आणि ऋतूप्रमाणे त्यालाही पूर येतो. दरीच्या दोन्ही काठांना गाव आहे. मला छप्पन्न फळ्या आहेत, सगळ्या एकाच झाडाच्या. वारा पडलेला असतानाही ते झाड गुणगुणायचं म्हणे. तसली झाडं आता उरली नाहीत. प्रत्येक फळीचा सूर निराळा. या काठावरून त्या काठाला गेलात की एक गाणं पुरं होतं, आणि परत आलात की तेच गाणं उलटं वाजतं. त्यामुळे कोण निघालं आणि कोण घरी आलं, हे गावाला चुलीपाशी बसून कळतं.

माणसांच्या एकेक तऱ्हा मी पाहिल्या आहेत. शिंपी कायम उशिरा निघतो आणि माझ्या गाण्याची पार दैना करतो. भांडलेले नवरा-बायको दहा फळ्यांचं अंतर ठेवून चालतात आणि एकच गाणं मला दोनदा म्हणायला लावतात. शाळेतली पोरं उड्या मारून माझ्याकडून नको ते वाजवून घेतात. मी रागावल्याचं दाखवतो, पण मला ते आवडतं.

उन्हाने फळ्या सुकतात आणि सूर केसभर चढतात. म्हणून वर्षातून एक दिवस मला बंद ठेवून सूर लावतात. हे काम एकाच घराकडे आहे. त्या घरातल्या बाईंना सारं गाव काकू म्हणतं. काकू दोराच्या झोळीत बसून माझ्याखाली लोंबकळतात, छोट्या रंध्याने फळीच्या पोटाकडून चिमूटभर लाकूड काढतात, वाजवून बघतात, कान देतात. चिमटीपेक्षा जास्त काढलं तर सूर नको तितका उतरतो, आणि मग ब्रह्मदेव आला तरी तो वर चढत नाही.

काकूंची मुलगी भिंगरी. पायाला भिंगरी लागल्यासारखी माझ्यावर पळायची, म्हणून ते नाव. विसाव्या वर्षी काकूंनी तिच्या हाती पहिल्यांदा रंधा दिला आणि एक्केचाळिसावी फळी एकटीने करायला सांगितली. गाव दोन्ही काठांवर जमलं होतं. पोरीचा हात उत्साहात दोनदा जास्त चालला. मग काकूंनी फळीवर टाच आपटली आणि मी वाजलो. भसाड्या, पडेल आवाजात. माझा काय इलाज होता? तरी आजही वाटतं, त्या एका दिवशी मी गप्प बसलो असतो तर!

"कान आहेत की नुसती भोकं?" काकू सगळ्यांदेखत ओरडल्या. "तुझ्या हातात सूरच नाही. ठेव तो रंधा!"

भिंगरीने रंधा खाली ठेवला. आठ दिवसांनी पिशवी घेऊन माझ्यावरून निघाली. चाळीस फळ्या वाजल्या. एक्केचाळिसावी तिने मोठी ढांग टाकून ओलांडली, आणि पुढच्या पंधरा वाजल्या. घरात काकूंनी ते गाणं ऐकलं. मधली पोकळी ऐकूनच त्या दारात धावल्या, पण तोवर पोर धुक्यापलीकडे गेली होती.

वर्षभराने पोस्टमनने एक कार्ड आणलं. त्यावर भिंगरीचा पत्ता नव्हता. 'मी बरी आहे. इथले पूल मुके आहेत. बरं वाटतं.' एवढंच. त्यानंतर काही नाही. पोस्टमन रोज माझ्या मध्यावर आला की रिकामा हात वर करतो आणि काकू दारातून आत वळतात.

भिंगरी गेली त्याच्या पुढच्या वर्षी सुताराने नवी फळी करून आणली होती. काकूंनी ती परत पाठवली. त्या वर्षी सूर लावायच्या दिवशी त्यांनी एक्केचाळिसावीला हातही लावला नाही. चाळिसावीला आणि बेचाळिसावीला रंधा लावला.

"अहो काकू, चांगल्या फळ्या कशाला बिघडवताय?" पोस्टमनने वरून वाकून विचारलं.

"बिघडवत नाहीये. समजूत काढतेय."

"फळीची?"

"जिची काढायची ती इथे नाही ना बाबा."

उतरलेली फळी वर येणार नव्हती, म्हणून काकूंनी बाकीच्या पंचावन्न जणींना तिच्यापर्यंत खाली आणायला घेतलं. एका वर्षात चिमूटभरच, नाहीतर फळी तडकते. मधली कित्येक वर्षं मी असा बेसूर होतो की शिंपी कानांत बोळे घालून यायचा. लोकांनी बोल लावले. काकूंनी या कानाने ऐकलं, त्या कानाने सोडून दिलं. तोंडातून गेलेला शब्द आणि रंध्याखालून गेलेलं लाकूड परत येत नाही, हे त्यांच्याइतकं कोणाला ठाऊक होतं?

एकोणीस वर्षं लागली. परवा शेवटची फळी जुळली. सत्तरीच्या काकू झोळीतून वर आल्या आणि या टोकापासून त्या टोकापर्यंत चालल्या. माझं जुनंच गाणं, जरा खालच्या पट्टीत, पण कुठे म्हणून खोट नाही. एक्केचाळिसावीवर त्या थांबल्या. दोनदा टाच आपटली. "झालं गं," म्हणाल्या, "आता ये." आणि तिथेच खाली बसल्या.

या खटाटोपात माझ्या फळ्या फार पातळ झाल्या आहेत. हातगाड्या कधीच बंद झाल्या. आता एका वेळी एकच माणूस सोडतात. पलीकडे लोखंडाचा पूल उभा राहिला आहे, मुका. धुक्याचा पूर ओसरला की मला उतरवणार आहेत. त्याचं मला दुःख नाही. पण भिंगरीचं जाणं माझ्याकडे आहे, येणं नाही. ते ऐकल्याशिवाय मला जायचं नाही.

तुम्ही चार गावं फिरणारी माणसं. कुठल्या पुलावर चाळिशीची एक बाई चालता चालता मध्येच उगाच मोठी ढांग टाकताना दिसली, तर ती आमची भिंगरी समजा. पायांची सवय सुटत नाही. तिला सांगा, तिची फळी अजून तीच आहे, आणि आम्ही सगळे तिच्या सुरात आलो आहोत. म्हणावं, लवकर ये, आणि या खेपेला एकही फळी ओलांडू नकोस.