पोलादपूरवालीचे टाके

जळत होते मी, खोटं कशाला बोलू? दोन वर्षं त्या बाईचं तोंडही बघितलं नव्हतं, तरी तिचा विषय निघाला की माझं डोकं फिरायचं. नाव तरी कुठं माहीत होतं! महाडच्या बुटीकवाल्या राजनंदिनी मॅडम तिला नुसतं ‘पोलादपूरवाली’ म्हणायच्या. मी नाते गावात घरी बसून ब्लाउजवर मणी-टिकल्या लावते. काम द्यायला गेले की मॅडम फोनवर तिच्या कामाचे फोटो दाखवायच्या. नवरीचे ब्लाउज सगळे तिला, माझ्या वाटणीला मेले करवल्यांचे. एकदा तरी नवरीच्या अंगावर माझं काम चढावं, एवढंच मला पाहिजे होतं.

परवा मॅडमनी घाईत पिशव्यांची अदलाबदल केली. माझ्याकडे आला तो नवरीचा ब्लाउज. आत चिठ्ठी होती: सोनाबाई, पोलादपूर, उजवी बाही राहिली, उद्या हवा. मी आधी तो उलटा केला, कारण खोट आतल्या बाजूला सापडते. एक दोरा लोंबत असेल तर शपथ.

महाडला गाडी बदलून मी सरळ पोलादपूर गाठलं. पिशवीचं निमित्त, मला बाईचा तोरा बघायचा होता.

सोनाबाई दारातच बसली होती. पन्नाशीची असेल. माझ्या पिशवीतला ब्लाउज तिच्याकडे गेलेला. तोच उलटा करून तिनं डोळ्यांशी धरला होता.

“नात्यावरनं येतेस ती तूच काय गो?” ती म्हणाली. मी हो म्हटलं. मग कळलं, मॅडम तिला माझं उदाहरण देऊन टोचायच्या. नात्याची बाई दोन दिवसांत ब्लाउज देते, तुला आठवडा का लागतो?

“तुला गाठायला रात्रंदिवस शिवलं,” सोनाबाई म्हणाली. “आता सुईचं नेढं दिसत नाय.”

मला आधी आनंदच झाला. आता नवरीचे ब्लाउज माझेच, हे मनात आलंच. तेवढ्यात तिनं मी आणलेला नवरीचा ब्लाउज माझ्या मांडीवर ठेवला.

“ही बाही तू कर. मॅडमना सांगू नको, माझं काम जाईल.”

मी केली. जीव ओतून केली.

दुसऱ्या दिवशी मी आधीच तयार असलेले करवल्यांचे ब्लाउज घेऊन बुटीकमध्ये गेले, तर मॅडमनी नेमकी तीच बाही माझ्यापुढे पसरली. सोनाबाईचा हात या वेळी आणखीच बसलाय, म्हणाल्या, तुला असं कधी जमणार? ओठांवर आलेलं मी गिळलं. नवरीच्या अंगावर शेवटी माझं काम चढलं, आणि मी अजून त्या बाईवर जळतेच आहे.